चौतिसावं पान

"एकोणिसावी, अ‍ॅडा व्हिटकॉम्ब," यादीवरून बोट खाली नेत मिसेस लिंडक्विस्ट म्हणाल्या आणि मी खुर्चीत नकळत सरळ झाले. ईरा माझ्या मांडीवर होती. कुठून तरी तिच्या हाती जुन्या मासिकाचं पान लागलं होतं आणि ते ती सावकाश, मन लावून फाडत होती. फर्र. मी तिचा हात धरला.

"ऋजुता," मिसेस लिंडक्विस्ट म्हणाल्या.

"अय्या!" माझ्या शेजारी ऋजुता ओरडली. चक्क मराठीत. आणि लायब्ररीच्या तळघरात जमलेले सगळे हसले. तिच्या 'अय्या'वर हे गाव नेहमीच हसायचं, आणि हसणं प्रेमाचंच असायचं.

"चौथा, थॉमस एडेअर. गौतमी."

चौथ्या क्रमांकाची चौकट रिकामी होती.

प्रॉक्टर्स बेंड हे कॅन्ससमधलं दोन-अडीच हजार वस्तीचं गाव. धान्याची उंच कोठारं, एक रेल्वेलाइन, एक आळशी नदी, तिच्या काठाला बाग. माझा नवरा निनाद धान्य वाळवायची यंत्रं बनवणाऱ्या तिथल्या कारखान्यात होता. टाउन हॉलच्या लांबलचक व्हरांड्यात गावच्या झाडून सगळ्या मेयरांच्या तसबिरी लावलेल्या होत्या, एकूण सत्तावीस. दर वर्षी सप्टेंबरातल्या दुसऱ्या शनिवारी ती भिंत बोलती करायची पद्धत होती. प्रत्येक तसबिरीखाली गावातलं एक माणूस उभं राहायचं, त्या मेयरची म्हणून एखादी वस्तू अंगावर घ्यायचं, टोपी म्हणा, शाल म्हणा, आणि 'मी अमका' असं म्हणत दोन मिनिटं बोलायचं. पणतू, खापरपणतू असतील तर पहिला मान त्यांचा. ज्यांचं गावात कुणी उरलं नव्हतं, त्यांच्यासाठी माणसं लायब्ररी नेमायची. म्हणजे मिसेस लिंडक्विस्ट.

अ‍ॅडा व्हिटकॉम्ब ही त्या सत्ताविसांतली एकुलती एक बाई. १९२५ ते २७. मूलबाळ नाही, वारस नाही.

आणि ती माझी होती.

माझी म्हणजे, मी तिला शोधलं होतं. कराडला इतिहासात एम. ए. करून मी डिपेंडंट व्हिसावर इथे आले. नोकरी करायची परवानगी नाही, गाडी येत नाही, पोरगी अडीच-तीन वर्षांची. मंगळवारी आणि गुरुवारी ईरा वरच्या मजल्यावर गोष्टींच्या तासाला बसायची, तेवढा वेळ मी तळघरात. जुन्या वर्तमानपत्रांतली कात्रणं कापायची, हे माझं काम. पोलादी पट्टी ठेवायची, कटर फिरवायचा. ते झालं की टाउन कौन्सिलच्या सभांची हस्तलिखित इतिवृत्तं वाचायची, हा माझा नाद. शाई उडालेली, अक्षर किरटं, गावात ती दुसरं कुणी उघडत नसे. सात महिन्यांत अ‍ॅडावर मी एक वही भरली होती. मराठीत. प्रत्येक पानाला वर उजव्या कोपऱ्यात क्रमांक. भांडी घासताना मी नळाच्या धारेला सांगून बघायची, "मी अ‍ॅडा व्हिटकॉम्ब. माझ्या पहिल्या सभेला पाचपैकी तीन सभासद आलेच नाहीत." दोन मिनिटं बरोबर भरायची. त्या दोन मिनिटांत या गावाने मला ईराची आई किंवा निनादची बायको म्हणून बघितलं नसतं.

यादी संपल्यावर मी मिसेस लिंडक्विस्टना गाठलं.

"गौतमी, रिकाम्या चौकटीला बोलतं करायचं तर शोधणारं माणूस लागतं," त्या म्हणाल्या. "आणि अ‍ॅडाला लागतो आवाज. तुझा शेवटच्या रांगेपर्यंत पोचत नाही, राणी." मग माझ्या टेबलावरची कात्रणं उचलून त्यांनी सगळ्यांना दाखवली. "हे बघा! अशी सरळ कड या गावात दुसरं कुणी कापत नाही. दोन वर्षं मी हिच्यासारख्या हातांची वाट बघत होते."

"तिचं सगळंच असं असतं," ऋजुता म्हणाली. "तिच्या पोळ्यासुद्धा कंपासने आखलेल्या."

घरी सोडताना तिने गाडी माझ्या दारात थांबवली आणि इंजिन बंद केलं. ऋजुता माझ्याहून चारेक वर्षांनी मोठी, पुण्याची. नवरा शंतनू गावच्या दवाखान्यात डॉक्टर. त्या गावात मराठी बोलणारी आम्ही दोनच घरं. मला काही हवं असलं, ईराचं औषध, कोथिंबीर, रडायला खांदा, की मी तिला फोन करायची.

"तुला हवी होती का गं अ‍ॅडा?" तिने विचारलं.

"छे गं," मी म्हटलं. "ईराला घेऊन मला कुठलं जमायला?"

"नक्की ना? मी सांगते लिंडक्विस्टबाईंना."

"नको गं बाई. उगाच काय."

आमच्या घरी असं दोनदा 'नको' म्हटलं की समोरचा तिसऱ्यांदा विचारतो आणि मग आपण 'बरं' म्हणतो. मी तिसऱ्यांदाची वाट बघत सीटबेल्टशी चाळा करत बसले.

"बरं झालं बाई," ऋजुता म्हणाली. "मला खरंच करायचंय ते. मग तुझी वही देशील? तू किती वाचलंयस तिच्यावर."

मागच्या सीटवरून ईरा ओरडली, "मला मावशीकडे जायचंय!"

ती तर नेहमी ओरडायची. ऋजुताला मूल नव्हतं आणि मुलं तिच्याकडे अशी धावत जायची की बघवत नसे. माझ्या हातून वरण-भात खायला ईराला पाऊण तास लागायचा. ऋजुताच्या हातून दहा मिनिटांत वाटी चाटून पुसून साफ. गावच्या सहभोजनात तिचे शंकरपाळे पहिल्यांदा संपायचे. माझे साबुदाणेवडे मी झाकण लावून परत आणायची आणि दोन दिवस निनाद बिचारा ते खायचा.

"ही कायम तुझ्याकडेच राहू दे," मी म्हटलं. आम्ही दोघी हसलो.

वही मी लगेच दिली नाही. "जरा नीट लावून देते," म्हटलं.

दोन दिवस ती टेबलावर पडून होती. पहिल्या पानापासून मी ती पुन्हा वाचली. रस्त्यांवरचे दिवे अ‍ॅडाने आणले, ते नववं पान. शाळेला पाण्याचा नळ दिला, ते सोळावं. नदीकाठची बाग तेहेतिसाव्या पानावर होती. बागेचं गावाला कोण कौतुक. उत्सवाच्या छापील पुस्तिकेत तेवढंच मोठ्या अक्षरांत असायचं: 'जिथे नुसती घाण होती तिथे अ‍ॅडाने बाग फुलवली.'

आणि चौतिसावं पान. १९२७ च्या एप्रिलमधल्या सभेचं इतिवृत्त. नदीकाठी रेल्वेच्या रुळांवर काम करणाऱ्या मेक्सिकन मजुरांची अकरा घरं होती. बागेसाठी ती दहा दिवसांत उठवायचा ठराव अ‍ॅडाने मांडला आणि तो मंजूर झाला. अकरा कुटुंबांची नावं मी एकाखाली एक उतरवून घेतली होती. सातवं नाव, रेयेस.

मिस्टर रेयेसना मी ओळखत होते. सगळेच ओळखायचे. नव्वदीला टेकलेले, कोठारावर उभा जन्म काढलेले. रोज दुपारी लायब्ररीच्या पायरीवर बसायचे आणि ईरा दिसली की टोपी काढून वाकून नमस्कार करायचे. भिंतीच्या कार्यक्रमाला दर वर्षी न चुकता यायचे, मागे दाराशी उभे राहायचे. मी अ‍ॅडा झाले असते, तर ते पान मी वाचून दाखवणार होते. तेच तर माझं होतं, बाकी सगळं पुस्तिकेत होतंच.

तिसऱ्या दिवशी ऋजुता वही न्यायला आली. तोवर ते पान माझ्या पासपोर्टच्या पाकिटात गेलेलं होतं.

"केवढं काम केलंयस गं!" वही चाळत ती म्हणाली. मग कुठेशी थांबली. पुढचं पान उलटलं, मागचं उलटलं. दोन पानांच्या मधल्या खाचेत तिने अंगठा ठेवला आणि वरून खालपर्यंत सावकाश फिरवला. मी गॅसकडे वळून दूध बघत होते. ते तापायचं होतं.

"चौतीस नंबरचं पान नाहीये," ती म्हणाली.

"नाहीये?"

"तेहेतीसनंतर एकदम पस्तीस."

ईरा जमिनीवर बसली होती. तिच्या भोवती कागदाचे कपटे. त्या दिवसांत ती हाताला लागेल ते फाडायची, बिलं, पाकिटं, माझ्या आईचं पत्रसुद्धा. यावर मी तीन वेबसाइट वाचल्या होत्या आणि डॉक्टरना दोनदा विचारलं होतं. ते म्हणाले होते, जाईल.

ऋजुताने ईराकडे बघितलं. मग माझ्याकडे.

"ईराने फाडलं असेल, नाही?" ती म्हणाली.

"हो," मी म्हटलं. "तिनेच. सगळं फाडते हल्ली."

"महत्त्वाचं होतं का काही?"

"छे. बागेचंच. पुस्तिकेत आहे ते."

ती माझ्याकडे बघत राहिली. मला वाटलं, आता तिसऱ्यांदा विचारेल. तेवढ्यात खालून ईरा म्हणाली, "सॉरी, मावशी."

तिला आम्ही नुकतंच शिकवलं होतं ते. आपलं नाव निघालं आणि मोठ्या माणसांचा आवाज जरा बदलला, की सॉरी म्हणायचं.

"अगं शोनू!" ऋजुताने तिला उचललं आणि तिच्या गालाला गाल लावला. "पानफाडी! माझी पानफाडी गं ती!"

ईरा खिदळली. दूध उतू गेलं.

शनिवारी व्हरांडा फुलून गेला होता. शंभरेक माणसं आणि घडीच्या खुर्च्या. माझा नंबर चौथा. थॉमस एडेअरची वस्तूही उरलेली नव्हती, म्हणून मिसेस लिंडक्विस्टनी मला एक कंदील दिला होता. मी रिकाम्या चौकटीखाली उभी राहिले.

"मी थॉमस एडेअर," मी म्हटलं. "मी एक्केचाळीस दिवस मेयर होतो."

"जरा मोठ्याने, राणी," मिसेस लिंडक्विस्ट म्हणाल्या.

"माझा फोटो नाही. माझं घर कुठे होतं ते कुणी लिहून ठेवलं नाही. एका सभेला मी हजर होतो, पुढच्या सभेला माझ्या जागी दुसऱ्याचं नाव आहे. मधे काय झालं, ते लिहिणाऱ्याला माहीत असणार. त्याने लिहिलं नाही."

याहून जास्त मला काही सापडलं नव्हतं. एका मिनिटाच्या आत मी संपले. लोकांनी टाळ्या वाजवल्या, लहान मुलांसाठी वाजवतात तशा. निनादने तेवढा अंगठा वर करून दाखवला. मी ईराला त्याच्याकडून घेतलं आणि भिंतीला टेकून उभी राहिले. तिथून दार दिसत होतं. दाराशी मिस्टर रेयेस टोपी हातात धरून उभे होते.

ऋजुताने अ‍ॅडाची करडी शाल पांघरली, पदर सावरावा तशी सावरली आणि बोलायला लागली. शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू येत होतं. माझीच वाक्यं होती. पाचपैकी तीन सभासद आलेच नाहीत, त्यावर लोक हसले. दिवे आले, शाळेचा नळ आला. मी सोडून कुणालाच ते इतकं पाठ नव्हतं आणि ती मात्र असं बोलत होती की जणू आत्ता सुचतंय. ईराने तोंडात बोट घातलं होतं आणि मान वाकडी करून ती मावशीला बघत होती. माझ्याकडे तिने असं कधी बघितलं नव्हतं.

आता बाग, असं मी मनात म्हटलं.

"आणि जिथे नुसती घाण होती," ऋजुताने हात पसरला, "तिथे मी तुम्हाला बाग दिली."

टाळ्या सुरू झाल्या. त्या निवल्यावर दाराकडून आवाज आला. शांत होता, पण ऐकू येईलसा.

"बाईसाहेब, त्या घाणीत माझ्या आईची चूल होती."

सगळ्या माना वळल्या. मिस्टर रेयेसनी टोपी छातीशी धरली होती. "अकरा चुली होत्या," ते म्हणाले. "मी चार वर्षांचा होतो. दर वर्षी ऐकतो हे. पण दर वर्षी पुस्तिकेतून वाचतात. आज तुम्ही 'मी दिली' म्हणालात ना, अगदी तिच्यासारखं, म्हणून बोललो. माफ करा."

ऋजुताचा चेहरा पांढरा पडला. तो बघायला मी आठ दिवस थांबले होते. किती वेळ टिकेल तो, पाच सेकंद, दहा सेकंद, मी मोजणार होते.

मोजायला मिळालं नाही. तिची नजर गर्दीवरून फिरली, माझ्यावर येऊन क्षणभर थांबली आणि पुढे गेली. मग तिने शाल उतरवली, नीट घडी करून खुर्चीवर ठेवली.

"आता मी ऋजुता आहे," ती म्हणाली. "मला हे माहीत नव्हतं. माहीत असायला हवं होतं. मिस्टर रेयेस, तुम्ही इथे याल का? या तसबिरीखाली? आम्हाला सांगाल?"

ती खुर्च्यांमधून वाट काढत दारापर्यंत गेली, त्यांचा हात धरून घेऊन आली. ते पंधरा मिनिटं बोलले. दोन मिनिटांचा नियम त्या भिंतीवर तेव्हा पहिल्यांदा मोडला. त्यांनी अकरापैकी नऊ नावं सांगितली. दोन त्यांना आठवेनात. कपाळावर मूठ आपटत ते थांबले होते आणि ती दोन नावं माझ्या पर्समध्ये, पासपोर्टच्या पाकिटात होती. मी ईराला या कडेवरून त्या कडेवर घेतलं.

पुढच्या वर्षीपासून पुस्तिकेतली ती ओळ बदलली. वर्तमानपत्रात ऋजुताचा आणि मिस्टर रेयेसचा हातात हात घेतलेला फोटो आला. मीच तो कापला. पट्टी ठेवून.

वर्षभराने निनादची बदली झाली आणि आम्ही ओहायोला आलो. ऋजुता ईराच्या वाढदिवसाला न चुकता कार्ड पाठवते. आत मराठीत लिहिलेलं असतं, 'माझ्या पानफाडीला खूप प्रेम.' ते वाचून ईरा दर वर्षी विचारायची, "पानफाडी का?" निनाद हसत हसत तिला गोष्ट सांगायचा. कसं तिने पान फाडलं, कशी मावशीची सगळ्या गावासमोर फजिती झाली. मी स्वयंपाकघरात काहीतरी काम काढायची.

गेल्या आठवड्यात ईरा शाळेतून आली ती एक कागद घेऊन. ती आता नऊ वर्षांची आहे. धाकटा माझ्या मांडीवर होता, त्याला दात येतायत, म्हणून मी एका हातानेच कागद धरला.

"बाई म्हणाल्या, हा वर्गात वाचायचा," ईरा म्हणाली. "आधी तू तपास. स्पेलिंग बघ."

विषय होता, माझी पहिली आठवण. तिने लिहिलं होतं, 'माझी पहिली आठवण एका आवाजाची आहे. मी तीन वर्षांची होते. मी आईच्या वहीतलं पान फाडलं. फर्र असा आवाज झाला. त्या पानावर खूप महत्त्वाचं काहीतरी होतं. माझ्यामुळे माझी मावशी सगळ्यांसमोर चुकीचं बोलली आणि एका आजोबांना वाईट वाटलं. तेव्हापासून मी दुसऱ्यांच्या वस्तूंना हात लावत नाही.'

खरंच लावत नाही. लायब्ररीतलं पुस्तक ती कडेला दोन बोटांनी धरते. भावाला घे म्हटलं तर आधी विचारते, "त्याला काही होणार नाही ना?" ही माझ्यावरच गेलीय, घाबरट, असं मी लोकांना सांगत आले होते.

"स्पेलिंग चुकलंय?" ईराने विचारलं.

"नाही," मी म्हटलं. "धर याला."

"मी?"

"तू. धर."

तिने भावाला दोन्ही हातांनी गच्च धरलं. मी आत गेले. पासपोर्ट मधे नवे झाले, पाकीट तेच होतं. घडीवर कागद पिवळा पडला होता. बाहेर येऊन मी तो तिच्या निबंधाशेजारी टेबलावर उलगडून ठेवला. वर उजव्या कोपऱ्यात माझ्या अक्षरात ३४. खाली अकरा नावं.

"हे ते पान?" ईरा म्हणाली. "पण मी तर ते फाडलं होतं."

ती वाकून बघत राहिली. मग भावाला एका हातात सावरत तिने अंगठा पानाच्या डाव्या कडेवर ठेवला आणि वरून खालपर्यंत सावकाश फिरवला. तसा अंगठा मी याआधी एकदाच बघितला होता.

"आई," ती म्हणाली, "हे तर एकदम सरळ आहे."